विश्लेषण : क्रमवारी तीनशेच्या पुढे, गळ्यात आशियाई सुवर्ण... ऋतुजा भोसलेसारखे टेनिसपटू तग धरतात कसे?

चीनमधील हांगझो येथे ३० सप्टेंबर २०२३ रोजी आशियाई क्रीडा स्पर्धेतील टेनिसच्या मिश्र दुहेरीचे सुवर्णपदक भारताने जिंकले. रोहन बोपण्णा हे नाव क्रीडारसिकांना नवे नव्हते. त्याच्या शेजारी उभी असलेली महाराष्ट्राची ऋतुजा भोसले मात्र अनेकांना बहुधा त्या दिवशीच माहीत झाली. एकेरीच्या जागतिक क्रमवारीत ती कधीही पहिल्या शंभरात नव्हती. दूरचित्रवाणीवर दिसणाऱ्या स्पर्धांपासून दूर, काही हजार डॉलरच्या बक्षिसांच्या स्पर्धा खेळत तिने अनेक वर्षे काढली आहेत. जगातील काहीशे सर्वोत्तम खेळाडूंत गणना होऊनही ज्यांचा वर्षाचा जमाखर्च जुळत नाही, अशा टेनिसपटूंची कारकीर्द चालते कशी, याचे उत्तर ऋतुजाच्या वाटचालीत सापडते.

ऋतुजा भोसले कोण?

ऋतुजाचा जन्म २७ मार्च १९९६ चा. ती मूळची अहिल्यानगर (पूर्वीचे अहमदनगर) जिल्ह्यातील श्रीरामपूरची. साखर कारखानदारीसाठी ओळखल्या जाणाऱ्या या परिसराचा आणि टेनिसचा संबंध तसा दूरचाच. तरीही ज्युनियर गटात ऋतुजाने जागतिक क्रमवारीत पहिल्या शंभरात स्थान मिळवले आणि किशोरवयातच महिलांच्या फेड चषकासाठी भारतीय संघात तिची निवड झाली.

इथे बहुतेक खेळाडूंपुढे दोन वाटा असतात. एक, थेट व्यावसायिक टेनिसमध्ये उतरायचे. दुसरी, शिक्षण घेत खेळायचे. ऋतुजाने दुसरी वाट धरली. २०१४ ते २०१७ या काळात ती अमेरिकेतील टेक्सास ए अँड एम विद्यापीठाच्या संघाकडून खेळली. पदवी हाती आल्यावर ती पूर्णवेळ व्यावसायिक टेनिसकडे वळली, तेव्हा तिने विशी ओलांडली होती. तिच्या पिढीतील इतर देशांच्या काही मुली तोवर ग्रँडस्लॅमच्या मुख्य फेरीत स्थिरावल्या होत्या.

त्यानंतर आयटीएफच्या, म्हणजे आंतरराष्ट्रीय टेनिस महासंघाच्या स्पर्धांमध्ये तिने एकेरी आणि दुहेरीत विजेतेपदे मिळवली. मार्च २०२० मध्ये दुबईत झालेल्या फेड चषकाच्या आशिया-ओशनिया गटात भारताने प्रथमच जागतिक प्ले-ऑफ फेरी गाठली. सानिया मिर्झा आणि अंकिता रैना यांच्यासह त्या संघात ऋतुजाही होती. या यशाला काही दिवस होतात न होतात तोच करोनामुळे जगभरातील टेनिस ठप्प झाले. लांबणीवर पडलेली ती प्ले-ऑफ लढत अखेर एप्रिल २०२१ मध्ये लात्वियात झाली आणि भारत पराभूत झाला.

हांगझोमध्ये काय घडले?

आशियाई स्पर्धेच्या मिश्र दुहेरीत बोपण्णाच्या साथीला ऋतुजा उभी राहिली, तेव्हा तो ४३ वर्षांचा होता आणि ती २७ वर्षांची. बोपण्णा त्यावेळी दुहेरीतील जगातील अव्वल खेळाडूंपैकी एक होता. चारच महिन्यांनी, जानेवारी २०२४ मध्ये, तो ऑस्ट्रेलियन खुल्या स्पर्धेत पुरुष दुहेरीचा विजेता ठरला आणि दुहेरीच्या जागतिक क्रमवारीत पहिल्या स्थानी पोहोचला.

अंतिम सामन्यात चायनीज तैपेईच्या लियांग एन-शुओ आणि हुआंग त्सुंग-हाओ या जोडीविरुद्ध भारतीय जोडीने पहिला सेट २-६ असा गमावला. दुसरा सेट ६-३ असा जिंकून त्यांनी बरोबरी साधली आणि दहा गुणांचा निर्णायक टायब्रेकर १०-४ असा खिशात घातला. हांगझोत टेनिसमध्ये भारताला मिळालेले हे एकमेव सुवर्ण. पुरुष दुहेरीत साकेत मायनेनी आणि रामकुमार रामनाथन यांना रौप्यपदक मिळाले.

याआधी भारताने आशियाई स्पर्धेत मिश्र दुहेरीचे सुवर्ण दोनदा जिंकले होते. २००६ मध्ये दोहा येथे लिअँडर पेस आणि सानिया मिर्झा यांनी, तर २०१४ मध्ये इंचिऑन येथे साकेत मायनेनी आणि सानिया मिर्झा यांनी. म्हणजे ऋतुजाच्या आधी या पदकावर नाव कोरणारी एकमेव भारतीय महिला सानिया होती. एकेरीच्या जागतिक क्रमवारीत पहिल्या शंभरात गेलेली एकमेव भारतीय महिलाही सानियाच.

या सुवर्णाने ऋतुजाची क्रमवारी मात्र एका क्रमांकानेही वर सरकली नाही. आशियाई स्पर्धेत बक्षिसाची रक्कम नसते आणि जागतिक क्रमवारीसाठीचे गुणही मिळत नाहीत. पदक स्वीकारल्यावर तिला पुन्हा त्याच छोट्या स्पर्धांकडे वळावे लागणार होते.

तीनशेवा क्रमांक म्हणजे नेमके काय?

महिला टेनिसची जागतिक क्रमवारी डब्ल्यूटीए ही संघटना १९७५ पासून संगणकाच्या आधारे काढते. मागील ५२ आठवड्यांतील स्पर्धांमध्ये मिळवलेले गुण त्यात धरले जातात. एखाद्या आठवड्यात मिळवलेले गुण पुढच्या वर्षी तोच आठवडा आला की गळून पडतात. त्यामुळे क्रमांक टिकवायचा असेल तरी खेळाडूला दरवर्षी किमान तेवढेच गुण नव्याने कमवावे लागतात. दुखापत झाली आणि सहा महिने घरी बसावे लागले, की वर्षानुवर्षांची चढण उतरणीला लागते.

स्पर्धांची उतरंड साधारण अशी आहे. सर्वात वर चार ग्रँडस्लॅम. त्याखाली डब्ल्यूटीएच्या १०००, ५००, २५० आणि १२५ दर्जाच्या स्पर्धा. सर्वात खाली आयटीएफच्या स्पर्धा. महिलांसाठी त्यात डब्ल्यू १००, ७५, ५०, ३५ आणि १५ असे स्तर २०२४ पासून आहेत. नावातील आकडा म्हणजे विजेतीला मिळणारे गुण. डब्ल्यू १५ जिंकली तर १५ गुण, डब्ल्यू ३५ जिंकली तर ३५. ग्रँडस्लॅम विजेतीला २००० गुण मिळतात.

तीनशेव्या क्रमांकाच्या आसपास राहण्यासाठी वर्षाला दोनशेच्या पुढे-मागे गुण लागतात. म्हणजे डब्ल्यू ३५ दर्जाच्या सहा स्पर्धा जिंकाव्या लागतील. एका वर्षात सहा विजेतेपदे फारच थोड्यांना साधतात. त्यामुळे बहुतेक खेळाडू इथे उपांत्यपूर्व फेरीचे आठ गुण, तिथे उपांत्य फेरीचे चौदा गुण असे थेंबे थेंबे तळे साचवतात. त्यासाठी वर्षातील पंचवीस-तीस आठवडे प्रवासात जातात.

ग्रँडस्लॅमच्या एकेरीच्या मुख्य फेरीत १२८ खेळाडू असतात. क्रमवारीच्या जोरावर त्यात साधारण पहिल्या शंभरातील खेळाडूंनाच थेट प्रवेश मिळतो. त्याखालच्या खेळाडूंसाठी पात्रता फेरी असते आणि तिचे दार साधारण सव्वादोनशे ते अडीचशे क्रमांकाच्या आसपास बंद होते. टेनिसमधील पैशाची खरी सीमारेषा हीच. तिच्या थोडे अलीकडे असणे आणि थोडे पलीकडे असणे यात खेळाच्या दर्जाचा फरक थोडा असतो, उत्पन्नाचा मात्र प्रचंड.

हा फरक किती मोठा?

डब्ल्यू १५ स्पर्धेची एकूण बक्षीस रक्कम १५ हजार डॉलर असते. एकेरी आणि दुहेरीच्या सर्व खेळाडूंत ती वाटली जाते. एकेरीच्या विजेतीला साधारण २,३५० डॉलर, म्हणजे सुमारे दोन लाख रुपये मिळतात. पहिल्याच फेरीत हरणाऱ्या खेळाडूच्या हाती दीडशे डॉलरहूनही कमी रक्कम पडते. रुपयांत बारा-तेरा हजार. यातूनही अनेक देशांत कर आधीच कापला जातो.

आता दुसरे टोक पाहू. २०२४ च्या अमेरिकन खुल्या स्पर्धेत एकेरीच्या मुख्य फेरीत पहिलाच सामना हरणाऱ्या खेळाडूला एक लाख डॉलर मिळाले. पात्रता फेरीचा पहिला सामना हरणाऱ्यालाही २५ हजार डॉलर मिळाले. डब्ल्यू १५ च्या दहा स्पर्धा ओळीने जिंकल्या तरी एकेरीतून तेवढी रक्कम जमत नाही. म्हणूनच दोनशेच्या आतील खेळाडूला वर्षातून चारदा ग्रँडस्लॅमची पात्रता फेरी खेळता येणे, हाच उत्पन्नाचा मोठा आधार असतो. तीनशेव्या क्रमांकाच्या खेळाडूला तो आधार नसतो.

खर्च कशावर होतो?

सांघिक खेळात प्रवास, निवास, प्रशिक्षक, फिजिओ हा सारा खर्च संघ उचलतो. टेनिसपटूला तो स्वतःच्या खिशातून करावा लागतो. विमानाची तिकिटे, हॉटेल, जेवण, व्हिसा, रॅकेटचे गटिंग, चेंडू, बूट, सरावासाठी कोर्टचे भाडे. प्रशिक्षकाला सोबत न्यायचे तर त्याचे मानधन आणि त्याचाही प्रवास, निवास. त्यातच सामना कधी हरणार हे आधी ठाऊक नसल्याने परतीचे तिकीट स्वस्तात काढता येत नाही. पहिल्या फेरीत हरले तर पुढच्या स्पर्धेपर्यंतचे दिवस परदेशात स्वखर्चाने काढावे लागतात.

आयटीएफने २०१३ च्या आकडेवारीवरून व्यावसायिक टेनिसचा सविस्तर अभ्यास केला होता. त्यानुसार प्रशिक्षकाचा खर्च वगळता महिला खेळाडूचा वर्षाचा सरासरी खर्च ४०,१८० डॉलर आणि पुरुष खेळाडूचा ३८,८०० डॉलर होता. बक्षिसातून हा खर्च जेमतेम भरून निघण्यासाठी पुरुषांना ३३६ वा आणि महिलांना २५३ वा क्रमांक गाठावा लागत होता. त्या वर्षी एकूण सुमारे चौदा हजार खेळाडू व्यावसायिक स्पर्धांत उतरले होते आणि त्यांपैकी सहा हजारांहून अधिक जणांनी बक्षिसाचा एक डॉलरही कमावला नव्हता.

दहा-बारा वर्षांपूर्वीचा तो खर्चही आजच्या डब्ल्यू १५ च्या विजेतीच्या बक्षिसाशी ताडून पाहिला, तर एका वर्षात १७ स्पर्धा जिंकूनही हिशेब जेमतेम जुळतो. प्रत्यक्षात त्यानंतर विमानभाडी आणि हॉटेलांचे दर कुठल्या कुठे गेले आहेत.

भारतीय खेळाडूंना हा प्रश्न अधिक का जाणवतो?

टेनिसचे केंद्र आजही युरोप आहे. स्पेन, इटली, फ्रान्स किंवा जर्मनीतील खेळाडू रेल्वेने किंवा मोटारीने शेजारच्या देशात जाऊन आठवड्याची स्पर्धा खेळतो आणि रविवारी घरी परततो. भारतीय खेळाडूला प्रत्येक परदेशी स्पर्धेसाठी लांबचे विमान आणि व्हिसा लागतो. त्यामुळे अनेक जण एकाच ठिकाणी महिनाभर मुक्काम ठोकतात. तुर्कीतील अंताल्या किंवा ट्युनिशियातील मोनास्तिर यांसारख्या पर्यटनस्थळी हॉटेलच्या आवारातच आठवड्यामागून आठवडा छोट्या स्पर्धा होतात. खर्च थोडा वाचतो, पण गुण थोडे आणि गर्दी फार.

अर्थात, हा केवळ भारताचा प्रश्न नाही. बल्गेरियाचे उदाहरण घेता येईल. लोकसंख्या मुंबईपेक्षा कमी, पण ग्रिगोर दिमित्रोव्ह या देशाचा. २०१७ मध्ये तो जागतिक क्रमवारीत तिसऱ्या स्थानी होता. त्स्वेताना पिरोंकोव्हाने २०१० मध्ये विम्बल्डनची उपांत्य फेरी गाठली. या दोन नावांच्या मागे त्याच देशाचे कितीतरी खेळाडू तीनशे, पाचशे, आठशे अशा क्रमांकांवर अंताल्या-मोनास्तिरच्या कोर्टवर कारकीर्द घालवतात. त्यांची नावे त्यांच्या देशातही फार जणांना ठाऊक नसतात.

भारतात ही व्यथा सर्वांपर्यंत पोहोचली ती सुमित नागलमुळे. पुरुष एकेरीत तेव्हा भारताचा अव्वल खेळाडू असलेल्या नागलने सप्टेंबर २०२३ मध्ये, वर्षाचा खर्च भागवल्यावर आपल्या खात्यात केवळ ९०० युरो उरल्याचे सांगितले. तेव्हा तो दीडशेच्या पुढच्या क्रमांकावर होता. नोकरीचा पगार आणि मदतनिधीही खेळावरच खर्च होत होता. चार महिन्यांनी ऑस्ट्रेलियन खुल्या स्पर्धेत त्याने ३१ वा मानांकित अलेक्झांडर बुब्लिकला हरवून दुसरी फेरी गाठली आणि एका आठवड्यात १ लाख ८० हजार ऑस्ट्रेलियन डॉलर मिळवले. जुलै २०२४ मध्ये तो ६८ व्या स्थानी पोहोचला. पण हे त्याला साधले ते पात्रता फेरीत प्रवेश मिळण्याइतका त्याचा क्रमांक वर होता म्हणून. तीनशेव्या क्रमांकावर असता तर त्या दारापर्यंतही तो पोहोचला नसता.

मग हे खेळाडू तग कसे धरतात?

ऋतुजा आणि तिच्या आसपासच्या खेळाडूंकडे पाहिले, तर चार आधार ठळकपणे दिसतात.

पहिला आधार अमेरिकी विद्यापीठांचा. क्रीडा शिष्यवृत्तीतून शिक्षण, निवास, प्रशिक्षण आणि दर्जेदार सामने मिळतात. खेळात अपयश आले तरी पदवी हातात राहते. सोमदेव देववर्मन व्हर्जिनिया विद्यापीठाकडून खेळताना २००७ आणि २००८ मध्ये अमेरिकी विद्यापीठ स्तरावरील एकेरीचा विजेता होता. पुण्याचा अर्जुन कढे ओक्लाहोमा स्टेट विद्यापीठातून घडला. या वाटेचा तोटा म्हणजे व्यावसायिक कारकीर्द तीन-चार वर्षे उशिरा सुरू होते.

दुसरा आधार दुहेरीचा. दुहेरीत अनुभव आणि जोडीदाराशी समन्वय यांना मोल असल्याने कारकीर्द लांबते. बोपण्णा ४३ व्या वर्षी अव्वल ठरला तो दुहेरीतच. अर्जुन कढेने ऑक्टोबर २०२४ मध्ये ऋत्विक बोलिपल्लीच्या साथीने अल्माटी येथे एटीपी २५० दर्जाच्या स्पर्धेत दुहेरीचे विजेतेपद मिळवले. एकेरीत असे यश त्याला मिळाले नव्हते. मात्र आयटीएफ स्तरावर दुहेरीचे बक्षीस एकेरीपेक्षा खूपच कमी असते आणि तेही दोघांत वाटले जाते. त्यामुळे दुहेरीचा आधारही एका उंचीवर पोहोचल्यावरच मिळतो.

तिसरा आधार घरच्या स्पर्धांचा. पुणे, सोलापूर, नवी मुंबई येथे महिलांच्या आयटीएफ स्पर्धा होतात, तेव्हा महाराष्ट्रातील खेळाडूंचा विमान आणि व्हिसाचा खर्च वाचतो. स्थानिक खेळाडूंना वाइल्ड कार्डद्वारे थेट प्रवेशही मिळू शकतो. मुंबईत क्रिकेट क्लब ऑफ इंडियाच्या कोर्टवर डब्ल्यूटीए १२५ दर्जाची स्पर्धा २०१७ मध्ये झाली. तिची विजेती होती अरिना सबालेन्का, जी पुढे जागतिक क्रमवारीत अव्वल ठरली. ती स्पर्धा २०२४ मध्ये पुन्हा सुरू झाली. पुरुषांच्या बाबतीत मात्र उलटे घडले. चेन्नईहून २०१८ मध्ये पुण्यात आलेली एटीपी २५० दर्जाची महाराष्ट्र खुली स्पर्धा २०२३ नंतर झालेली नाही.

चौथा आधार देशासाठी खेळण्याचा आणि त्यानंतर मिळणाऱ्या सरकारी पाठबळाचा. आशियाई सुवर्णाला स्पर्धेत पैसे नसले, तरी केंद्र सरकारच्या योजनेत त्यासाठी ३० लाख रुपयांची तरतूद आहे. हांगझोनंतर महाराष्ट्र सरकारने सुवर्णविजेत्यांसाठी एक कोटी, रौप्यविजेत्यांसाठी ७५ लाख आणि कांस्यविजेत्यांसाठी ५० लाख रुपये जाहीर केले. राज्याच्या शासकीय नोकऱ्यांत खेळाडूंसाठी पाच टक्के आरक्षणही आहे. पण या साऱ्या गोष्टी पदकानंतरच्या. पदकाआधीची आठ-दहा वर्षे खेळाडूला कुटुंबाच्या, प्रायोजकांच्या किंवा नोकरीच्या भरवशावर काढावी लागतात.

तळातील गरिबीचा खेळावर काय परिणाम होतो?

सर्वात उघड परिणाम म्हणजे गळती. विशी-बाविशीतच अनेक खेळाडू खेळ सोडतात. पैसे संपतात तेव्हा कौशल्य संपलेले असतेच असे नाही. दुसरा परिणाम अधिक गंभीर आहे. टेनिसमधील सचोटीचा आढावा घेण्यासाठी नेमलेल्या स्वतंत्र समितीने २०१८ मध्ये आपला अहवाल दिला. सामना निश्चितीचा धोका सर्वाधिक आहे तो खालच्या स्तरावरील स्पर्धांत, असे त्यात नमूद केले होते. समितीच्या सर्वेक्षणात तीन हजारांहून अधिक खेळाडूंनी भाग घेतला. त्यांपैकी १४.५ टक्के खेळाडूंनी सामना निश्चितीची प्रत्यक्ष माहिती असल्याचे सांगितले. प्रशिक्षकाचा खर्च न धरताही केवळ अडीचशे ते साडेतीनशे खेळाडूंचाच जमाखर्च जुळतो, हे या समितीचे निरीक्षण होते. पहिल्या फेरीत हरल्यावर दीडशे डॉलर मिळणाऱ्या खेळाडूला सट्टेबाज त्याहून कितीतरी अधिक रक्कम देऊ करू शकतो. अशा परिस्थितीतही बहुसंख्य खेळाडू प्रामाणिकपणे खेळत राहतात.

संघटनांनी यावर काय केले?

करोनाकाळात टेनिसच्या सात प्रमुख संघटनांनी एकत्र येऊन सुमारे ८०० खेळाडूंसाठी ६० लाख डॉलरहून अधिक मदतनिधी उभारला. एकेरीतील १०१ ते ५०० क्रमांकाच्या खेळाडूंसाठी तो होता. म्हणजे पाचशेव्या क्रमांकापर्यंतचे खेळाडू खेळासाठी आवश्यक आहेत आणि त्यांना आधार लागतो, हे संघटनांनी तेव्हा मान्य केले.

पुरुषांच्या एटीपी संघटनेने ऑगस्ट २०२३ मध्ये किमान उत्पन्नाच्या हमीची योजना जाहीर केली. पहिल्या शंभरातील खेळाडूला वर्षाला किमान तीन लाख डॉलर, १०१ ते १७५ क्रमांकांना दीड लाख आणि १७६ ते २५० क्रमांकांना ७५ हजार डॉलर. बक्षिसातून यापेक्षा कमी रक्कम मिळाली, तर उरलेली रक्कम संघटना भरून देणार. ही योजना महत्त्वाची आहे, पण तीही अडीचशेव्या क्रमांकावर थांबते.

त्याउलट २०१९ मध्ये आयटीएफने तळाच्या स्पर्धांतील जागतिक क्रमवारीचे गुण काढून घेऊन व्यावसायिक खेळाडूंची संख्याच कमी करण्याचा प्रयोग केला होता. शेकडो खेळाडूंची क्रमवारी त्यामुळे एका फटक्यात गायब झाली. तीव्र विरोधानंतर काही महिन्यांतच हा प्रयोग गुंडाळावा लागला.

अकलोलीसारख्या गावातील मुलीसाठी ही वाट खुली आहे का?

ऋतुजा श्रीरामपूरची. २०१६ च्या रिओ ऑलिम्पिकमध्ये सानिया मिर्झाच्या साथीने महिला दुहेरी खेळलेली प्रार्थना ठोंबरे सोलापूर जिल्ह्यातील बार्शीची. दोघींनीही तालुक्याच्या गावातून निघून आशियाई आणि ऑलिम्पिक स्पर्धेपर्यंत मजल मारली. त्यामुळे टेनिस ही केवळ महानगरांतील जिमखान्यांची मक्तेदारी आहे, असे म्हणता येणार नाही.

पण भिवंडी तालुक्यातील अकलोलीसारख्या गावातून पाहिले, तर ही वाट किती लांब आहे ते लक्षात येते. वज्रेश्वरीजवळचे, तानसा नदीकाठचे हे गाव गरम पाण्याच्या कुंडांसाठी प्रसिद्ध आहे. इथल्या मुलीला कबड्डी, खो-खो किंवा धावण्याची सुरुवात शाळेच्या मैदानावर करता येते. टेनिससाठी मात्र आधी कोर्ट असलेले शहर गाठावे लागते. त्यानंतर आठवड्यातील पाच-सहा दिवस सराव, राज्य आणि राष्ट्रीय स्तरावरील वयोगटांच्या स्पर्धा, मग आयटीएफच्या ज्युनियर स्पर्धा आणि त्यांच्यासाठी परदेशवाऱ्या. यातील प्रत्येक पायरीचा खर्च बहुतेकदा पालक उचलतात. व्यावसायिक स्पर्धेतील पहिले दीडशे डॉलर हाती पडेपर्यंत कुटुंबाचे लाखो रुपये आणि आठ-दहा वर्षे गेलेली असतात.

म्हणूनच एखाद्या पालकाने मुलीच्या हाती रॅकेट देताना फक्त ग्रँडस्लॅमच्या बक्षिसांचे आकडे पाहणे धोक्याचे आहे. ऋतुजाची वाट पाहिली तर शिक्षण न सोडणे, विद्यापीठाच्या शिष्यवृत्तीचा पर्याय खुला ठेवणे, दुहेरीचे कौशल्य लवकर कमावणे आणि घरच्या स्पर्धांचा पुरेपूर उपयोग करणे, या गोष्टी खेळाइतक्याच महत्त्वाच्या ठरतात.

पुढे काय?

पुढील आशियाई स्पर्धा १९ सप्टेंबर ते ४ ऑक्टोबर २०२६ या काळात जपानमधील आइची-नागोया येथे होत आहे. हांगझोच्या सुवर्णाची आठवण तेव्हा पुन्हा निघेल आणि पदकाच्या अपेक्षाही व्यक्त होतील. पण ते पदक कोण जिंकेल, हे स्पर्धेच्या दोन आठवड्यांत ठरत नाही. आधीच्या वर्षांत तीनशे-चारशेव्या क्रमांकावरील किती खेळाडू खेळात टिकून राहिल्या, यावर ते बरेचसे अवलंबून असते.

पदवी मिळाल्यावर, क्रमांक वर सरकत नाही म्हणून, किंवा करोनाने स्पर्धा बंद पडल्यावर ऋतुजाने रॅकेट खाली ठेवले असते, तर त्यात नवल वाटण्यासारखे काही नव्हते. टेनिसचे गणित तेच सुचवत होते. ती खेळत राहिली म्हणून २०२३ मध्ये बोपण्णाच्या शेजारी उभे राहण्यासाठी भारताकडे जोडीदार होती. त्या दिवशी सुवर्ण जिंकून दिल्यावर तिच्यावर एक कोटींची घोषणा झाली. त्यातील थोडा वाटा जरी अशा खेळाडूंपर्यंत पदकाच्या आधी पोहोचला, तर पुढचे सुवर्ण जिंकू शकणारी एखादी मुलगी विशीतच खेळ सोडणार नाही.